पाठमोरी बाई: एका स्वप्न-सिद्धांताचा प्रकरण अभ्यास

या प्रकरणातला सिद्धांत कुठल्याही पाठ्यपुस्तकात सापडणार नाही. तो एका दोनशेपानी वहीत आहे. वहीच्या मालकिणीने त्याला ‘स्वप्न-अध्यारोपण सिद्धांत’ असं नाव दिलंय. पदार्थविज्ञानाच्या पदवीच्या शेवटच्या वर्षाला असताना ती ही वही घेऊन माझ्याकडे आली आणि म्हणाली, “मॅडम, यात चूक कुठे आहे ते सांगा. चूक नाही म्हणालात तर माझा विश्वास बसणार नाही.”

मी क्वांटम मेकॅनिक्स शिकवते. ‘क्वांटम’ शब्द जोडून मन, आत्मा, नशीब यांची उकल करणारं लिखाण माझ्याकडे बऱ्याचदा येतं, आणि ते बहुतेक वेळा निष्कर्षापासून सुरू होतं. ही वही एका निरीक्षणापासून सुरू होत होती. म्हणून मी ती ठेवून घेतली आणि पुढचे काही महिने आम्ही दोघींनी तिच्यातलं एकेक कलम सोडवत नेलं. त्याची ही हकिगत आहे. तिच्या परवानगीने लिहिते आहे, नाव मात्र देत नाही.

पहिलं पान

पहिल्या पानावर एक स्वप्न आहे, चार ओळींचं. लांबच लांब जिना. वरच्या पायरीवर एक बाई पाठमोरी उभी आहे. तिच्या हातात काहीतरी आहे. मी चढते आहे आणि मला भीती वाटते आहे.

सकाळी तिने ते आईला सांगितलं. आईने विचारलं, “कोण होती गं ती?” तिच्या तोंडून उत्तर निघून गेलं, “आत्या.” त्या क्षणापासून स्वप्नातली बाई आत्याच झाली. तिचा अंबाडा दिसू लागला, उभं राहण्याची ढब दिसू लागली. दुपारी मैत्रिणीला सांगताना तिने आत्याचं नाव मुद्दाम घेतलं नाही. मैत्रिणीचा पहिला प्रश्न वेगळाच होता, “हातात काय होतं?” उत्तर आलं, “किल्ल्या.” आणि किल्ल्या म्हटल्याबरोबर ती बाई शाळेतल्या ग्रंथपाल बाई झाल्या, कपाटांच्या किल्ल्यांचा जुडगा कमरेला लावून फिरणाऱ्या. रात्री लिहायला बसली तेव्हा दोन्ही स्वप्नं तिला तितकीच खरी वाटत होती. पानाच्या तळाशी तिने लिहिलंय:

“विचारेपर्यंत ती बाई कुणीच नव्हती. मी विसरले होते असं नाही. ती कुणीच नव्हती.”

हे वाक्य मी दोनदा वाचलं. विसरणं आणि मुळातच ठरलेलं नसणं यांतला फरक पकडायला पुंजभौतिकीलाही, म्हणजे क्वांटम भौतिकीलाही, बराच काळ लागला होता. इलेक्ट्रॉनचा गुणधर्म मोजण्याआधी ठरलेला असतो आणि आपल्याला फक्त माहीत नसतो, की तो ठरलेलाच नसतो? भौतिकशास्त्रज्ञ जॉन बेल यांनी १९६४ साली या प्रश्नाला तपासता येईल असं रूप दिलं. त्यावरच्या प्रयोगांसाठी अ‍ॅलन आस्पे, जॉन क्लाउझर आणि आंतोन झायलिंगर यांना २०२२ चं नोबेल मिळालं. बेल यांच्यापाशी एक असमानता होती, म्हणजे मोजून खोडता येईल असा आकडा होता. आमच्या वहीत तसं काही नव्हतं. मला तीच उणीव सगळ्यात मोठी वाटत होती.

सिद्धांत असा: झोपेत मेंदू स्वप्नाच्या अनेक शक्यता एकाच वेळी धरून असतो, सुपरपोझिशनमध्ये, म्हणजे अध्यारोपणात. जागं होऊन स्वप्न सांगणं हे मापन आहे. पहिला प्रश्न जसा असेल तसं स्वप्न ‘कोलॅप्स’ होतं, म्हणजे एकाच शक्यतेवर येऊन ठरतं, आणि उरलेल्या शक्यता कायमच्या जातात. म्हणूनच स्वप्नं इतक्या लवकर विसरतात. ही तीन कलमं. चौथ्या कलमात हे सगळं मेंदूत नेमकं कुठे घडतं ते होतं. पाचवं तिच्या भावाबद्दल होतं.

स्वप्न घडतं कधी?

मी तिला आधी जुनी गोष्ट सांगितली. आल्फ्रेड मॉरी या फ्रेंच अभ्यासकाने १८६१ साली स्वतःचं एक स्वप्न नोंदवलं. फ्रेंच राज्यक्रांतीचा काळ, त्याच्यावर खटला चालतो, शिक्षा होते, वधस्तंभापर्यंत मिरवणूक जाते आणि गिलोटिनचं पातं मानेवर पडतं. जाग आली तर पलंगाची पट्टी निसटून मानेवर पडलेली. आता एवढं लांबलचक कथानक नेमकं पट्टी पडण्याच्या क्षणी कसं संपलं? तेव्हापासून काही लोक म्हणत आले की अख्खं स्वप्न जाग येण्याच्या क्षणीच रचलं जातं, झोपेत काही घडतच नाही. तिचं पहिलं कलम त्याच घराण्यातलं होतं, भाषा तेवढी नवी.

हा दावा तपासून झालेला आहे. डोळ्यांच्या जलद हालचालींची झोप, म्हणजे रेम झोप, १९५३ मध्ये युजीन अ‍ॅसेरिन्स्की आणि नॅथॅनिअल क्लाइटमन यांनी नोंदवली. चार वर्षांनी विल्यम डिमेंट आणि क्लाइटमन यांनी झोपलेल्यांना रेम सुरू झाल्यावर कधी ५ मिनिटांनी, कधी १५ मिनिटांनी उठवलं आणि विचारलं, स्वप्न किती वेळ चाललं होतं, पाच की पंधरा? १११ पैकी ९२ वेळा उत्तर बरोबर आलं. जाग येताना क्षणात रचलेल्या गोष्टीला झोपेतल्या मिनिटांचा असा हिशेब लागला नसता.

याहून थेट पुरावा २०२१ चा आहे. आपण स्वप्नात आहोत हे ज्यांना स्वप्नातच कळतं अशा माणसांना चार देशांतल्या चार प्रयोगशाळांनी झोपेतच प्रश्न विचारले. रेम झोपेत शरीराचे बहुतेक स्नायू शिथिल असतात, पण डोळे हलवता येतात. एकाला विचारलं, आठ वजा सहा किती? त्याने डोळे दोनदा डावीकडून उजवीकडे फिरवले. एकूण ३६ जण होते, १५८ वेळा प्रश्न विचारला गेला आणि सुमारे १८ टक्के वेळा बरोबर उत्तर मिळालं. प्रमाण कमी आहे. पण उत्तर देणारा माणूस त्या वेळी झोपलेला होता, हे मेंदूच्या आलेखावरून दिसत होतं.

चेहऱ्यांबद्दलही माहिती आहे. फ्रान्चेस्का सिक्लारी, जूलिओ टोनोनी आणि सहकाऱ्यांच्या २०१७ च्या अभ्यासात ज्यांनी जागं झाल्यावर स्वप्नात चेहरा होता असं सांगितलं, त्यांच्या मेंदूत उठवण्याच्या आधीच्या काही सेकंदांत चेहरे ओळखणाऱ्या भागापाशी हालचाल वाढलेली होती. म्हणजे प्रश्न विचारण्याआधीच स्वप्नाचा ठसा तिथे होता.

तिने हे सगळं ऐकलं आणि थोडा वेळ वहीकडे बघत बसली. मग म्हणाली, “माझी बाई पाठमोरी होती.”

मला याची अपेक्षा नव्हती, पण मुद्दा रास्त होता. जिना होता, चढणं होतं, भीती होती. ती झोपेतच होती आणि तिला मिनिटांचा हिशेबही लागू पडला असता. पण बाई कोण, हे त्या प्रयोगांतून ठरत नाही. स्वप्न झोपेतच घडतं एवढं त्यांतून सिद्ध होतं. त्यातला प्रत्येक तपशील झोपेतच ठरतो असं नाही. तेव्हा पहिलं कलम आम्ही लहान केलं: ‘स्वप्नातले काही तपशील जागं होईपर्यंत अनिश्चित असतात.’ एवढं मान्य करायला मला अडचण नव्हती. पुढे तिने ‘अनिश्चित म्हणजे सुपरपोझिशन’ असं लिहिलं होतं, आणि भांडण तिथे होतं.

गरम रेणू

चौथ्या कलमात पेशींमधल्या सूक्ष्मनलिका होत्या, म्हणजे पेशीच्या सांगाड्यातल्या प्रथिनांच्या बारीक नळ्या. ही कल्पना तिची नव्हे. जाणिवेचं मूळ पुंज-प्रक्रियांत असावं असं गणिती भौतिकशास्त्रज्ञ रॉजर पेनरोज यांनी १९८९ मध्ये मांडलं, आणि पुढे भूलतज्ज्ञ स्टुअर्ट हॅमरॉफ यांच्यासह मज्जापेशींतल्या सूक्ष्मनलिका ही त्या प्रक्रियांची जागा असल्याचं सुचवलं. वहीत ‘नोबेल विजेत्याचा सिद्धांत’ असं अधोरेखित करून ठेवलं होतं. ते मी खोडायला लावलं. पेनरोज यांचं २०२० चं नोबेल कृष्णविवरांवरच्या कामासाठी आहे. एका विषयातला मान दुसऱ्या विषयात पुरावा म्हणून चालत नाही.

इथली अडचण उष्णतेची आहे. वर्गात मी ती फुलरीनच्या प्रयोगाने सांगते, तशीच तिलाही सांगितली.

साठ कार्बन अणूंचा फुटबॉलसारखा रेणू, फुलरीन. व्हिएन्नात १९९९ साली या रेणूंचा झोत जाळीतून सोडला, तेव्हा पलीकडे व्यतिकरणाचा, म्हणजे लाटा एकमेकींत मिसळल्यावर होतो तसा, पट्टेदार नमुना उमटला. एवढा मोठा रेणू, आणि तोही एकाच वाटेने गेला असं म्हणता येईना. २०१९ पर्यंत सुमारे २००० अणूंच्या रेणूंनीही हे करून दाखवलं. पण मधला, २००४ चा प्रयोग मला जास्त बोलका वाटतो. तिथे सत्तर अणूंचा फुलरीन जाळीकडे जाण्याआधी लेसरने तापवत नेला. रेणू जसजसा तापला तसतसे पट्टे फिके होत गेले आणि शेवटी पुसले गेले. कारण तापलेला रेणू वाटेत उष्णतेचे फोटॉन, म्हणजे प्रकाशकण, बाहेर टाकतो, आणि त्या फोटॉनांवर रेणू कुठे होता याची खूण असते. ती खूण कुणी वाचत नाही. वाचायची गरजही नसते. ती बाहेर पडली एवढ्यानेच सुपरपोझिशन उपयोगाची राहत नाही.

हे ऐकून तिने दुसऱ्या कलमासमोर स्वतःच प्रश्नचिन्ह काढलं. ‘सांगणं हे मापन’ असं तिने लिहिलं होतं, जणू मापनाला ऐकणारं माणूस लागतं. मापनाला माणूस लागत नाही. आजूबाजूचा एखादा पाण्याचा कणसुद्धा पुरतो, आणि मेंदू म्हणजे ३७ अंशांचा, पाण्याने भरलेला, सतत धक्के देणारा शेजार. भौतिकशास्त्रज्ञ मॅक्स टेगमार्क यांनी २००० साली हिशेब केला की मेंदूतल्या अशा सुपरपोझिशनचं आयुष्य फार तर एका सेकंदाचा दहा लाख कोटीवा भाग असेल, बहुधा त्याहूनही पुष्कळ कमी. मज्जापेशीच्या एका स्पंदाला सेकंदाचा हजारावा भाग लागतो. हॅमरॉफ आणि सहकाऱ्यांनी २००२ मध्ये प्रत्युत्तर दिलं, गृहीतकं बदलून हा काळ सेकंदाच्या दहा हजाराव्या भागापर्यंत, आणि आणखी काही गृहीतकं धरून दहाव्या भागापर्यंत नेला. आपण वादात न पडता त्यांचाच मोठ्यात मोठा आकडा घेऊ. दहा मिनिटांचं स्वप्न म्हणजे ६०० सेकंद. तरी सहा हजार पटींची तफावत उरते. आणि इथे तर सुपरपोझिशन सकाळी आईने प्रश्न विचारेपर्यंत टिकायला हवी आहे.

चौथं कलम तिने त्याच दिवशी काढलं.

पाचव्यावर फार वेळ गेला नाही. त्याच आठवड्यात भावालाही जिन्याचं स्वप्न पडलं होतं, म्हणून दोघांचे मेंदू ‘एन्टँगल’ झाले, म्हणजे पुंज-पातळीवर एकमेकांत गुंतले, असं तिचं म्हणणं. दोन कण एन्टँगल असले तरी एका टोकाकडून दुसऱ्या टोकाला निरोप जात नाही, चित्र तर दूरच. हे पुंजभौतिकीतलं प्रमेय आहे. एका घरात राहणारी, एकच काळजी वाहणारी दोन भावंडं. मनी वसे ते स्वप्नी दिसे, एवढं पुरेसं आहे असं मी म्हटलं. तिने मान हलवली, पण कलम खोडलं नाही. अजूनही ते तसंच आहे.

नसण्याचे तीन प्रकार

दोन आठवड्यांनी ती परत आली. म्हणाली, “कण जाऊ देत. मेंदूत काहीही असो. पण स्वप्न वागतं तसंच असेल तर? नियम तोच असेल तर?”

हा प्रश्न आधीच्या पाचही कलमांपेक्षा चांगला होता. त्यासाठी मी तिला फळ्यावर तीन गोष्टी वेगळ्या करून दाखवल्या. या प्रकरणातून कुणी काही न्यायचं असेल तर मी हाच भाग न्यायला सांगेन.

हाताखाली झाकलेलं नाणं. छापा की काटा ते ठरलेलं आहे, मला माहीत नाही. हे पहिलं नसणं, माहिती नसणं.

कथेतलं पात्र. एखाद्या कथेत एक म्हातारा दोन पानांपुरता येतो आणि जातो. त्याचा रक्तगट कोणता? हे लेखकाला माहीत आहे आणि आपल्याला नाही, असं नव्हे. आणि तो एकाच वेळी ‘ए’ही आहे आणि ‘बी’ही, असंही नव्हे. तिथे काही लिहिलेलंच नाही. उद्या कुणी त्या कथेवर नाटक केलं आणि रक्तगटाची गरज पडली, तर तो ठरवला जाईल. हे दुसरं नसणं.

तिसरी सुपरपोझिशन. इलेक्ट्रॉनचा स्पिन, म्हणजे दिशा असलेला त्याचा एक अंगभूत गुणधर्म, वर आणि खाली यांच्या एका ठरावीक समान सुपरपोझिशनमध्ये आहे. वर की खाली असं विचारलं तर उत्तर निम्मं-निम्मं येतं. पण त्याच इलेक्ट्रॉनला डावीकडे की उजवीकडे असं विचारा. प्रत्येक वेळी, न चुकता, उजवीकडे. सुपरपोझिशनला लोक धूसर समजतात. ती धूसर नसते. ती पूर्ण नेमकी अवस्था असते, आपण चुकीच्या दिशेने प्रश्न विचारला म्हणून उत्तर डळमळतं. अशा प्रत्येक अवस्थेसाठी निदान एक प्रश्न असा असतोच की ज्याचं उत्तर शंभर टक्के ठरलेलं असतं. शिवाय तिच्यातल्या शक्यता एकमेकींवर परिणाम करतात, एकमेकींना वाढवतात किंवा पुसतात. व्यतिकरणाचे पट्टे त्यातूनच येतात. म्हाताऱ्याच्या रक्तगटाचे पट्टे कधी उमटणार नाहीत.

“तुझी बाई यांतली कोणती?” मी विचारलं. “मला ती कथेतला म्हातारा वाटते. मेंदूने पाठमोरी आकृती काढली, चेहरा काढलाच नाही. सकाळी आईने विचारल्यावर आठवणीने जागा भरली.” आठवण ही साठवलेली चित्रफीत नसून दर वेळी नव्याने केलेली जुळणी असते, हे मानसशास्त्रात चांगलं प्रस्थापित आहे. प्रश्नातला एखादा शब्द बदलला तरी साक्षीदाराला न पाहिलेली वस्तू आठवू शकते. जागेपणी बघितलेल्या अपघाताचं असं होतं, मग स्वप्नाचं का नाही? रेम झोपेत नॉरअ‍ॅड्रेनलिन हे मेंदूतलं रसायन जवळपास थांबलेलं असतं, स्मरण पक्कं होण्याच्या दृष्टीने ती वेळ प्रतिकूल असते. विसरण्याचा खुलासा करायला तिसऱ्या कलमाची गरज उरत नाही.

ती वाद न घालता गेली आणि तीन दिवसांनी एकाच ओळीची चिठ्ठी ठेवून गेली: “ठरलेलं उत्तर असलेला प्रश्न सापडला. भीती वाटली का?”

तिने वही पुन्हा चाळली होती. बाई बदलत होती, हातातली वस्तू बदलत होती, एकदा जिन्याचा उतार झाला होता. भीती कुठल्याही सांगण्यात बदलली नव्हती. कुणीही, कुठल्याही क्रमाने, कसंही विचारलं तरी हो.

मला ही चिठ्ठी फार आवडली. तिने सिद्धांताचा परिणाम शोधला आणि तो वहीत पडताळून पाहिला, शास्त्र करायचं म्हणजे हेच करायचं असतं. पण तिचं म्हणणं त्यातून सिद्ध होत नव्हतं. रेम झोपेत भावनांशी निगडित अमिग्डला जोरात चालू असतो आणि तर्क-नियोजनाचा कपाळामागचा भाग मंदावलेला असतो, हे १९९० च्या दशकापासून मेंदूच्या प्रतिमांतून दिसलं आहे. तेव्हा भीती ठळक आणि ओळख पुसट हे साध्या खुलाशातूनही निघतं. दोन्ही सिद्धांतांतून जे निघतं, त्यावरून त्या दोघांत निवड करता येत नाही. आम्हाला अशी जागा हवी होती जिथे एक बरोबर ठरेल आणि दुसरा पडेल.

प्रश्नांचा क्रम

अशी जागा आहे, आणि ती मेंदूतल्या कणांबद्दल काही बोलत नाही. मानवी निर्णयांवर पुंज-संभाव्यतेचं गणित लावून बघणारे मानसशास्त्रज्ञ आहेत, जेरोम बुसेमायर त्यांच्यात आघाडीवर. मेंदू हा क्वांटम संगणक आहे असा त्यांचा दावा नाही, गणित बसतं की नाही एवढंच ते बघतात.

त्यांचं आवडतं उदाहरण १९९७ च्या एका अमेरिकन जनमत चाचणीचं आहे. निम्म्या लोकांना आधी विचारलं, तेव्हाचे राष्ट्राध्यक्ष बिल क्लिंटन प्रामाणिक आणि विश्वासार्ह वाटतात का, मग तेच उपराष्ट्राध्यक्ष अल गोर यांच्याबद्दल. उरलेल्यांना उलट क्रमाने. पहिला प्रश्न म्हणून विचारलं तेव्हा क्लिंटन यांना ५० टक्के ‘हो’ मिळाले आणि गोर यांना ६८. दुसरा प्रश्न म्हणून विचारलं तेव्हा क्लिंटन ५७ वर गेले, गोर ६० वर आले. पहिल्या उत्तराने दुसऱ्याची जमीन हलवली. आई आणि मैत्रिणीच्या प्रश्नांनी हेच केलं होतं.

क्रमाने फरक पडतो एवढ्यावर पुंजगणित सिद्ध होत नाही. पहिलं उत्तर डोक्यात राहतं आणि दुसऱ्याला ओढतं, हा साधा खुलासा आहेच. पण पुंजगणित आणखी एक नेमकी अट घालतं. दोन्ही प्रश्नांना सारखंच उत्तर, म्हणजे दोन्हींना हो किंवा दोन्हींना नाही, देणाऱ्यांचं एकत्रित प्रमाण क्रम उलटा केला तरी बदलता कामा नये. एकेक आकडा हलेल, ही बेरीज हलणार नाही. साध्या खुलाशात ती न हलण्याचं काही कारण नाही. झेंग वांग, बुसेमायर आणि सहकाऱ्यांनी २०१४ मध्ये अमेरिकेतल्या ७० राष्ट्रीय सर्वेक्षणांवर ही अट तपासली आणि ती बऱ्यापैकी टिकली. या निकालाचा अर्थ काय लावायचा यावर मतभेद आहेत, पण अट खोटी ठरू शकत होती एवढं मला पुरे होतं.

वहीच्या मालकिणीच्या चेहऱ्यावर त्या दिवशी जे आलं ते मी विसरणार नाही. तिला तिची असमानता मिळाली होती.

आम्ही दोन प्रश्न ठरवले. ‘ओळखीचं कुणी होतं का?’ आणि ‘तू तिथे एकटी होतीस का?’ भीतीचा प्रश्न मुद्दाम वगळला, कारण जे कधी बदलत नाही त्यावर क्रमाचा परिणाम दिसणार कसा. रोज सकाळी आधी आठवेल ते कुणी न विचारता लिहायचं, मग नाणं उडवायचं. छापा पडला तर ओळखीचा प्रश्न आधी, काटा पडला तर एकटेपणाचा.

मग मी तिला हिशेब करायला बसवलं. प्रत्येक क्रमाच्या ५० सकाळी जमल्या आणि ती बेरीज निम्म्याच्या आसपास असली, तर दोन क्रमांतल्या फरकाची मानक त्रुटी, म्हणजे योगायोगाने होणाऱ्या चढउताराचं माप, १० टक्के बिंदू येते. म्हणजे आठ-दहा टक्क्यांचा फरक निव्वळ योगायोगाने दिसेल. ती त्रुटी एका टक्क्यावर आणायला प्रत्येक क्रमाच्या ५००० सकाळी लागतील, मिळून १०,०००. रोज एक स्वप्न धरलं तर सत्तावीस वर्षं. शिवाय एकाच माणसाच्या लागोपाठच्या सकाळी एकमेकींपासून स्वतंत्र नसतात. पंधरा दिवसांत तिला दोन्ही प्रश्न पाठ झाले, आणि झोपतानाच उत्तरं तयार होऊ लागली, असं तिने स्वतः नोंदवलं आहे. खरी चाचणी करायची तर पुष्कळ माणसं हवीत, प्रत्येकाचं एकच स्वप्न, प्रत्येकाला एकदाच प्रश्न. तिने तो आराखडा लिहून काढला. हातात आलेल्या थोड्या नोंदींवरून मी कुठलाही आकडा इथे देत नाही, कारण त्यांतून काहीच म्हणता येत नाही. तिलाही मी ते देऊ दिले नाहीत. यावरून आमचं थोडं वाजलं.

पाकिटं

वही मोठी होत असताना तिने आपल्या मनाने एक गोष्ट केली. तिचा सिद्धांत म्हणतो की न विचारलेलं स्वप्न ठरत नाही. मग विचारूच नये. जिना परत स्वप्नात आला त्या सकाळी तिने ‘जिना, पाठमोरी बाई, भीती’ एवढेच शब्द चिठ्ठीवर लिहिले, चिठ्ठी पाकिटात घातली, पाकीट चिकटवून वर तारीख टाकली, आणि कुणाला काही सांगितलं नाही. वहीतही नाही. आठ दिवसांनी पाकीट फोडण्याआधी एका कोऱ्या कागदावर तिने आठवेल ते लिहिलं.

दोन्ही कागद तिने माझ्या टेबलावर शेजारी शेजारी ठेवले. आठ दिवसांनंतरच्या कागदावर बाई वळलेली होती. तिला चेहरा होता, कपाळावर आठ्या होत्या, आणि ती तिच्या शाळेतल्या गणिताच्या बाई होती. हातात वही होती.

“कुणी विचारलं नव्हतं,” ती म्हणाली. “तरी ठरलं.”

मी विचारलं, “तू स्वतःला विचारलं नाहीस?”

बराच वेळ ती बोलली नाही. मग म्हणाली की विचारलं नाही असं वाटतं, पण आठ दिवस पाकीट ड्रॉवरमध्ये आहे हे माहीत असताना खात्री देता येत नाही. आणि लगेच स्वतःच पुढे म्हणाली, की मी स्वतःच मापन करते असं म्हटलं तर मग सिद्धांत कशानेही पडणार नाही, तेव्हा ते म्हणायचं नाही. पहिल्या पानावर ‘विचारेपर्यंत ती बाई कुणीच नव्हती’ या ओळीखाली त्या दिवशीची तारीख घालून तिने लिहिलं, ‘विचारलं नाही तरी ती कुणीतरी बनते.’

तिच्या मते यात अजून एक पळवाट आहे: आठ दिवस फार होतात, दुसऱ्या दिवशी बघितलं असतं तर? माझ्या मते आठवणीची जुळणी कुणी न विचारताही चालू असते आणि दुसऱ्या दिवशी ती फक्त कमी झालेली दिसेल. हे तपासता येण्याजोगं आहे. म्हणून तिने आणखी तीन पाकिटं केली आहेत. एक दोन दिवसांनी उघडायचं, एक महिन्याने, एक वर्षाने. ती तिच्याकडे नाहीत. माझ्या कपाटात आहेत, आणि कुठल्या पाकिटात कुठलं स्वप्न आहे ते मला माहीत नाही.